तिलिस्माला प्रतीक म्हणू नका

मराठी समीक्षेतून ‘प्रतीक’ हा शब्द दहा वर्षांसाठी काढून घ्यावा, असं माझं मत झालं आहे. लहान मुलाच्या हातातून कात्री काढून घेतात, तसा. शब्द वाईट नाही, पण ज्यांच्या हातात तो आहे ते दिसेल ते कापत सुटले आहेत. कथेत एखादी इमारत आली आणि तिच्या आत शिरलं की घड्याळ मागे पडतं, आतली एक रात्र बाहेर शंभर वर्षं भरते, असं काही असलं, की परीक्षणाच्या पहिल्याच परिच्छेदात निकाल लागतो: ही इमारत म्हणजे स्मृती. किंवा सत्ता. किंवा लेखकाचं हरवलेलं बालपण. निकाल लागल्यावर मग इमारतीत कोणी पाऊल टाकत नाही. दारं किती, जिना कुठून चढतो, आत उजेड कुठून येतो, माणसं झोपतात कुठे, खातात काय, आणि मुख्य म्हणजे वेळ मागे पाडायचं काम नेमकं कशाने होतं, हे विचारणं पोरकट समजलं जातं.

मला हे पोरकट प्रश्न सोडता येत नाहीत, आणि त्याचं कारण पूर्णपणे धंद्याचं आहे. मी भाषांतर करते. समीक्षकाला इमारत ‘म्हणजे’ काय ते सांगून घरी जाता येतं. मला ती वीट वीट करून दुसऱ्या जागी उभी करावी लागते, आणि उभी केल्यावर तिच्यात वेळ पहिल्यासारखाच अडखळतो की नाही ते तपासावं लागतं. अडखळला नाही, तर माझ्या हातात एक प्रतीक उरतं आणि कथा जाते.

उदाहरण घेऊ. ब्रूनो शुल्त्झ या पोलिश लेखकाचा दुसरा कथासंग्रह १९३७ साली आला. त्याच्या शीर्षककथेत योझेफ नावाचा मुलगा आडवाटेच्या गाडीने एका आरोग्यधामात पोचतो. त्याचे वडील तिथे आहेत. आरोग्यधामाचे डॉ. गोटार्ड त्याला सगळी यंत्रणा समजावून सांगतात: इथे आम्ही वेळ मागे सारली आहे. तुमच्या गावी वडिलांचा मृत्यू होऊन गेला आहे, पण तो अजून इथवर पोचलेला नाही. अर्थात त्या मृत्यूची थोडी सावली त्यांच्या प्रकृतीवर पडलेली दिसेल, तेवढं चालायचंच. इतकं सांगून डॉक्टर निघून जातात. पुढे योझेफला वडील खोलीत अंथरुणाला खिळलेले दिसतात, आणि त्याच सुमारास गावातल्या उपाहारगृहात चवीने जेवतानाही दिसतात. त्यांनी तिथे कापडाचं एक छोटं दुकानही थाटलं आहे. त्या इमारतीत सगळे सदा झोपलेले. वेळ अशी की कोणीतरी आधी वापरून उसवलेली, जुन्या बाजारातून आणलेली.

ही कथा मी एका मासिकाच्या अनुवाद विशेषांकासाठी मराठीत केली. मला पोलिश येत नाही. सेलिना विएनिएव्स्का यांचा १९७८ चा आणि मॅडेलिन लेव्हीन यांचा २०१८ चा, असे दोन इंग्रजी अनुवाद समोर ठेवले आणि अडलं तिथे पोलिश जाणणाऱ्या मैत्रिणीला गाठलं. मासिकाचं नाव घेत नाही. संपादक सज्जन आहेत, वाचलेले आहेत, मानधन वेळेवर देतात. कच्चा मजकूर वाचून त्यांनी फोन केला आणि पहिलाच प्रश्न टाकला, “मॅडम, वडील वारलेत ना? मग ‘आहेत’ कसे?”

या प्रश्नाला वीस पानी उत्तर देता येईल. फोनवर देता आलं नाही, म्हणून हा लेख.

मराठीत ‘आहेत’ आणि ‘होते’ यांच्यामधली भिंत फार जाड आहे. माणूस गेला की दुसऱ्या दिवसापासून त्याच्याविषयी ‘होते’ म्हणायचं असतं. म्हणताना जीभ अडते, आपण चुकून ‘आहेत’ म्हणतो, समोरचा ऐकून न ऐकल्यासारखं करतो. मग पत्रिकेवर नावामागे ‘कै.’ लागतो आणि व्याकरण स्थिरावतं. शुल्त्झने जी इमारत बांधली ती बरोबर या भिंतीच्या जाडीत बांधली आहे. ‘आहेत’ संपलेलं नाही आणि ‘होते’ सुरू झालेलं आहे, अशा पट्ट्यात. तिथे वडिलांना ‘होते’ म्हटलं की डॉ. गोटार्डचा धंदाच बसतो. ते आरोग्यधाम उरत नाही, स्मशानाजवळची धर्मशाळा होते.

संपादकांची दुसरी दुरुस्ती आणखी बोलकी होती. आरोग्यधामातल्या दिवसांसाठी मी रीतिभूतकाळ वापरला होता: तो उठे, खिडकीशी जाई, पुन्हा झोपे. शाळेच्या व्याकरणात हा काळ सगळ्यांनी घोकलेला असतो आणि नंतर कोणी वापरत नाही. त्याचा गुण असा की त्यातलं कृत्य कधी घडलं हे सांगता येत नाही. एकदा की शंभरदा, त्या बुधवारी की दर बुधवारी, काही कळत नाही. दिवसांना कडा नसतात. इंग्रजीला त्यासाठी साहाय्यक क्रियापदं जोडावी लागतात, आपल्याकडे नुसत्या प्रत्ययावर काम होतं. संपादकांनी सगळीकडे ‘उठला, गेला, झोपला’ केलं. कारण विचारलं तर म्हणाले, जुनाट वाटतं, आजीच्या गोष्टीतलं. अहो, आजीच्या गोष्टीतलंच आहे ते. ज्या गोष्टीत राजाची राणी सात माड्यांच्या महालात बसून वाट पाही, त्या गोष्टीला नेमका हाच काळ लागे, कारण त्या महालात तारखा नव्हत्या. आधुनिक मराठी गद्याने आपलं हे हत्यार गंजू दिलं, आणि आता कोणी ते घासून वापरायला काढलं तर त्यालाच आपण जुनाट म्हणतो.

शीर्षकाची गंमत तर सांगितलीच पाहिजे. पोलिशमध्ये शीर्षकात ‘क्लेप्सिद्रा’ हा शब्द आहे. त्याचे दोन अर्थ. एक, पाणी किंवा वाळू गळून वेळ मोजायचं जुनं यंत्र. दुसरा, भिंतीवर लावतात ती निधनाची सूचना. आरोग्यधामाच्या दारावर कोणती पाटी आहे, वेळेची की मृत्यूची? पोलिश वाचक एका शब्दात दोन्ही वाचतो. इंग्रजी शीर्षकात वाळूचं घड्याळ आलं, सूचना गळली. विएनिएव्स्का यांचा दोष नाही, इंग्रजीत तसा शब्दच नाही. पण मराठीत आहे! घटकापात्र पाण्यात बुडालं की एक घटका होई, म्हणून घटका भरते. आणि माणसाचीही घटका भरते. ‘शेवटच्या घटका मोजतोय’ हे आपण आजही म्हणतो, चोवीस मिनिटांची घटका कोणी पाहिलेली नसताना. पाणी, पात्र, वेळ आणि मरण एकाच शब्दात. दोन इंग्रजी अनुवादांवरून केलेल्या मराठीत शीर्षक मात्र मुळाच्या जास्त जवळ जातं, हे सुख भाषांतरकाराला आयुष्यात दोन-तीनदाच मिळतं. संपादकांनी सुचवलेलं पर्यायी शीर्षक होतं, ‘काळाच्या सावलीत’.

आता कोणी म्हणेल, एका संपादकावरून साऱ्या मराठीवर का घसरता? कारण ते संपादक एकटे नाहीत. आपल्या साहित्याच्या इतिहासाची शिकवणच त्यांच्या तोंडून बोलते आहे. ‘मुक्तामाला’ १८६१ ची, ‘मंजुघोषा’ १८६८ ची. मराठी कादंबरी सुरू झाली ती अशा अद्भुतात. मग हरिभाऊ आपटे आले, मध्यमवर्गीय घरातलं माजघर कादंबरीत आलं, आणि ते फार चांगलं झालं. पण इतिहास लिहिणाऱ्यांनी त्याची एक शिडी केली: खाली अद्भुतरम्य, वर वास्तव, आणि खालच्या पायरीवर परत उतरणं म्हणजे अधोगती. ‘अद्भुतरम्य’ हा आपल्याकडे वाङ्मयप्रकार राहिला नाही, शेरा झाला. शंभर वर्षांनी जी. ए. कुलकर्णींच्या ‘रमलखुणा’मधल्या दीर्घकथा आल्या तेव्हा त्यांना शिडीवर कुठे बसवायचं हे कळेना. मग त्यांना रूपककथा म्हटलं गेलं, आणि ‘नियती’ हा एक शब्द त्यांच्या दाराला कुलपासारखा लावला गेला. जी.ए. म्हणजे नियती. झालं. आत जायला नको.

तौलनिक साहित्याच्या वर्गात मला हे उलट दिशेने दिसलं होतं. तिथे उर्दूची गाठ पडली. लखनौच्या नवलकिशोर छापखान्याने १८८३ पासून ‘तिलिस्म-ए-होशरुबा’चे खंड छापायला घेतले. आधी मुहम्मद हुसेन जाह, मग अहमद हुसेन क़मर यांनी लिहिलेले हजारो पानांचे खंड. ज्या ‘दास्तान-ए-अमीर हम्ज़ा’चा तो भाग आहे, तिचे एकूण सेहेचाळीस. शम्सुर्रहमान फ़ारुक़ी यांनी हे सगळे खंड जमवले, वाचले आणि ‘साहिरी, शाही, साहिबक़िरानी’ या ग्रंथात दास्तानचं शास्त्र मांडलं. त्यांचा मुद्दा सरळ होता: दास्तान ही फसलेली कादंबरी नाही, तिला तिचे नियम लावा. उर्दूतही ती ‘नादान लोकांची करमणूक’ म्हणून अडगळीत टाकलेली होती. फ़ारुक़ींनी तिला वर काढताना ‘ती खरं तर वसाहतवादाचं प्रतीक आहे’ वगैरे शिफारसपत्र जोडलं नाही, ती कशी चालते हे दाखवलं.

कशी चालते? तिलिस्म म्हणजे जादूगारांनी रचलेला प्रदेश, आणि त्याच्या रचनेतच त्याचं आयुष्य लिहिलेलं असतं. होशरुबाचे तीन भाग: ज़ाहिर, बातिन आणि ज़ुल्मात, म्हणजे दिसणारा, आतला आणि अंधाराचा. मध्ये रक्ताची नदी आणि तिच्यावर पूल. पण खरी रचना वेळेची आहे. तिलिस्म किती काळ टिकेल, तो कोण तोडेल, हे बांधतानाच ठरलेलं असतं. तोडण्याची रीत एका पाटीवर, ‘लौह’वर, कोरलेली असते. बादशहा अफ़्रासियाब सर्वशक्तिमान आहे आणि त्याला ठाऊक आहे की हे संपणार आहे. तरीही खंडामागून खंड तो लढतो, आणि त्याच्या लढण्यात आपण गुंततो. शेवट माहीत असताना हजारो पानं वाचायला लावणारी इमारत! वास्तववादी कादंबरीला ‘पुढे काय होईल’ हे लपवावं लागतं. तिलिस्म ते दारावरच लिहून ठेवतो.

देवकीनंदन खत्रींनी १८८८ मध्ये हीच कल्पना हिंदीत आणली आणि तिच्यातून जादू काढून टाकली. माझ्या पिढीला ‘चंद्रकांता’ म्हटलं की दूरदर्शनवरची रविवारची मालिका आठवते, भुवया आठवतात. पण मूळ कादंबरीतला तिलिस्म हे अभियांत्रिकीचं काम आहे. खटके, कळा, फिरणारे दगड, यंत्राचे पुतळे. खत्री चकिया-नौगढच्या जंगलांत ठेकेदारी करत हिंडलेले, तिथले पडके किल्ले आणि गुहा पाहिलेले. त्यामुळे त्यांच्या भिंतींना ओल आहे. आणि तिलिस्म बांधतं कोण, याचं त्यांनी दिलेलं स्पष्टीकरण मला फार आवडतं: ज्याच्याकडे अपार संपत्ती आहे पण वारस नाही, असा राजा ज्योतिष्यांना बोलावतो. ते गणित मांडून सांगतात की इतक्या पिढ्यांनंतर अमुक एक लायक माणूस जन्मेल. मग त्याच्यासाठी, त्याच्या नावे, तोवर दुसऱ्या कोणाला उघडता येणार नाही अशी इमारत बांधली जाते. मृत्युपत्रच ते, फक्त दगडातलं.

इथे मला वास्तववादी मित्रांशी बोलायचं आहे, कारण त्यांचा आक्षेप हलका नाही. ते म्हणतात, बाबूराव बागुलांची ‘जेव्हा मी जात चोरली होती’ १९६३ ची, दया पवारांचं ‘बलुतं’ १९७८ चं. या समाजात आहे ते आहे तसं सांगण्याची जागा मिळवायला इतकी वर्षं गेली, आणि तुम्ही आम्हाला परत जादूच्या महालात नेता? वेळ मागे जाण्याचे खेळ ज्यांचं पोट भरलेलं आहे त्यांनी खेळावेत.

आक्षेपाचा पहिला भाग मला पूर्ण मान्य आहे. ती जागा रक्त आटवून मिळवलेली आहे, तिच्याविरुद्ध मी एक शब्द बोलणार नाही. पण दुसऱ्या भागाला खत्रींचीच इमारत उत्तर देते. ज्या दाराला हात लावण्याआधी, नव्हे जन्माआधीच, ते कोणासाठी उघडेल हे ठरलेलं आहे, बाकीच्यांनी कितीही धडका मारल्या तरी ते दगडच राहील, अशा दाराची ओळख या देशात कोणाला करून द्यायची? खत्रींना यात काही खटकत नव्हतं. त्यांचे नायक राजकुमार आहेत आणि दार त्यांच्यासाठी उघडतं हे त्यांना योग्यच वाटतं. पण त्यांनी खटके इतके नीट दाखवले आहेत की आज वाचणाऱ्याला ती यंत्रणा उघडी दिसते. ‘तिलिस्म हे जातीचं प्रतीक आहे’ असं म्हणून टाकलं असतं तर हे दिसलं नसतं. एक होकारार्थी मान हलली असती आणि पान उलटलं गेलं असतं. यंत्र कसं चालतं ते पाहिल्यावर मात्र प्रश्न पडतात: गणित कोणी मांडलं? पाटी कोणत्या भाषेत आहे? ती कोणाला वाचता येते? दगड वाहून कोणी आणले, आणि बांधून झाल्यावर त्या मजुरांचं पुढे काय झालं? हे सगळे पोरकट प्रश्न आहेत. अद्भुताच्या वाचकाला ते सुचतात, आणि मग जिल्हा न्यायालयाच्या व्हरांड्यात ‘पुढची तारीख’ घेऊन बसलेल्या माणसांकडे पाहताना तो इमारतीचा नकाशाही पाहू लागतो.

माझा खरा राग दुसऱ्या बाजूवर आहे, आणि ही बाजू अलीकडे जोरात आहे. हे लोक अद्भुताला नाकारत नाहीत, डोक्यावर घेतात. विष्णुपुराणात आणि भागवतात ककुद्मी राजा आणि त्याची मुलगी रेवती यांची कथा आहे. मुलीसाठी वर कोणता, हे विचारायला राजा तिला घेऊन ब्रह्मलोकी जातो. तिथे गाणं चाललेलं असतं, म्हणून ते ऐकत थांबतो. गाणं संपल्यावर ब्रह्मदेव हसून सांगतो की तू ज्यांची नावं घेतोस ते, त्यांची मुलं, नातवंडं, सगळे केव्हाच गेले. युगं उलटली. ही कथा सध्या फोनवरून फिरते आहे, खाली आइन्स्टाइनचं छायाचित्र लावून: पाहा, सापेक्षता आपल्याकडे आधीच होती.

म्हणजे पुन्हा तेच. तिकडे इमारत ‘म्हणजे’ स्मृती, इकडे इमारत ‘म्हणजे’ भौतिकशास्त्र. आत जायला तयार कोणीच नाही. कारण आत गेलं तर दिसतं की या कथेत वेळ घड्याळाने मोजलेलीच नाही. ती मोजली आहे आधी गाण्याने आणि मग देहाने. राजा आणि रेवती खाली येतात तेव्हा माणसं खुजी झालेली असतात, आणि जुन्या युगातली रेवती सगळ्यांपेक्षा उंच. बलरामाशी तिचं लग्न ठरतं. विष्णुपुराण सांगतं की बलरामाने नांगराच्या टोकाने तिला आपल्या मापाची केली. हा तपशील फोनवरच्या निरोपात कधीच नसतो. सापेक्षतेच्या समीकरणात तो बसत नाही ना. पण कथेचं सगळं वजन त्या नांगराच्या टोकावर आहे: दुसऱ्या काळातून आलेली बाई, आणि तिला या काळाच्या उंचीची करून घेण्याचा विधी. मी भाषांतर करणारी आहे, मला त्या वाक्याशी दोन दिवस थांबावं लागेल. क्रियापद कोणतं? तिला ‘लहान केली’, ‘वाकवली’, ‘ठेंगणी केली’, ‘बेताची केली’? प्रत्येकात वेगळं लग्न आहे.

योगवासिष्ठातल्या लीलेच्या आख्यानाचं तर नावच ‘मंडपोपाख्यान’ आहे, म्हणजे एका दालनाची गोष्ट. राणी लीला सरस्वतीकडे वर मागते की नवरा आधी गेला तर त्याचा जीव माझ्या दालनाबाहेर जाऊ नये. नवरा जातो. त्याचा देह फुलांत ठेवलेला असतो, आणि त्याच दालनाच्या पोकळीत लीलेला तो दुसऱ्या राज्याचा राजा होऊन बसलेला दिसतो, दरबार, सैन्य, सगळ्यांसकट. मग सरस्वती तिला आणखी मागे नेते, डोंगरातल्या एका ब्राह्मणाच्या घरात. त्या घरातला ब्राह्मण वारला त्याला आठ दिवस झालेत. लीलेच्या नवऱ्याचं आख्खं राजेपण त्या आठ दिवसांत, त्या घराच्या चार भिंतींत झालेलं आहे. घरात महाल, महालात राज्य, आणि बाहेर तेराव्याला अजून अवकाश.

या आख्यानाला आपण काय करतो? ‘जग मिथ्या आहे’ एवढं पिळून काढतो आणि चोथा टाकून देतो. ग्रंथाला तो सिद्धान्त हवाच आहे, मी नाकारत नाही. पण मग त्याने इतक्या सर्गांचं घर का बांधलं? सिद्धान्त एका श्लोकात सांगून झाला असता. सोळाव्या शतकाच्या शेवटी शहजादा सलीमसाठी योगवासिष्ठाचं फारसी भाषांतर झालं, तेव्हा त्या भाषांतरकारांना दोन धर्मांच्या आणि दोन भाषांच्या मधल्या जागेत हे दालन पुन्हा उभं करावं लागलं. ते माझे पूर्वज आहेत, असं मी मानते. त्यांनीही कधीतरी ‘आहे’ की ‘होता’ यावर वाद घातला असणारच.

लीला आणि योझेफ यांना शेजारी बसवून पाहावं. दोघांनीही आपलं माणूस आणि त्याचा मृत्यू यांच्यामध्ये एक इमारत घातली आहे. लीला ती आधीच मागून ठेवते, योझेफला ती तयार मिळते, औषधोपचार म्हणून. लीलेबरोबर सरस्वती आहे, खोली-खोलीतून हाताला धरून नेणारी. योझेफबरोबर कोणी नाही, डॉक्टर झोपायला गेले आहेत. म्हणून लीलेचा नवरा शेवटी उठून बसतो, आणि योझेफ पळत स्टेशनवर येऊन गाडीत चढतो तो कायमचा, रेल्वेच्या जुन्या गणवेशात डब्या-डब्यांतून भीक मागत फिरत राहतो. कुठला कोणाचा प्रभाव वगैरे शोधायची गरज नाही. दु:खात माणूस घर बांधतो, आणि घराचा नकाशा प्रत्येक भाषेत वेगळा निघतो. तौलनिक साहित्य हे नकाशे शेजारी ठेवायला शिकवतं. ते शिकवून झाल्यावर नोकरी देत नाही, हा वेगळा विषय.

सुझॅना क्लार्क यांची ‘पिरानेसी’ ही कादंबरी २०२० च्या सप्टेंबरात आली. अंत नसलेली दालनं, पुतळे, खालच्या मजल्यावर समुद्र, वरच्या मजल्यावर ढग, आणि त्यात जवळपास एकटा राहणारा माणूस. सगळं जग घरात कोंडलेलं असताना आली म्हणून ती लगेच टाळेबंदीचं प्रतीक ठरली. जणू लेखिकेने मार्चमध्ये लिहायला घेऊन सप्टेंबरात छापून दिली! आत शिरलं तर दिसतं की ते घर वेळेला फार नेमकेपणाने खातं. नायकाच्या जुन्या वह्यांवर आपल्यासारखंच साल आहे, नंतरच्या नोंदींत सालाला आकडा उरत नाही, त्या वर्षी दालनांत काय घडलं त्याचं नाव मिळतं. त्याला भेटायला येणारा दुसरा माणूस मंगळवार आणि शुक्रवार पाळतो. तो स्वत: पाळतो ती भरती-ओहोटी. आकड्यापासून नावापर्यंत आणि वारापासून भरतीपर्यंत, एवढाच त्या घराचा जिना आहे, आणि त्यावरून तो कुठे घसरला ते कळतं.

या कादंबरीचे हक्क माझ्याकडे नाहीत. हात शिवशिवले म्हणून दोन-चार पानं वहीत करून पाहिली, इतकंच. आणि करताना जाणवलं की हे घर मराठीत बांधायला बाहेरून विटा आणाव्या लागत नाहीत. वर्षाला नाव द्यायची सवय आपल्या पंचांगाला आहेच. क्रोधी, दुर्मुख, दुंदुभी अशी साठ नावं फिरत राहतात. लोकांनाही आहे. ‘प्लेगच्या सालातला’, ‘पानशेतच्या पुरानंतर दोन पावसाळ्यांनी झाली’ असं जन्मसाल सांगणारी माणसं आपण पाहिली आहेत. भरतीचं म्हणाल तर कोकणातला कोळी तिथीवरून पाणी सांगतो. उधाण वेगळं, भांगाची भरती वेगळी. त्याच्या दिवसाचे तुकडे घड्याळाने पडत नाहीत. पण हीच पानं कोणाला दिली तर समासात येईल: ‘उधाण, भांग वाचकाला कळणार नाही, भरती पुरे.’ कळणार नाही तर कळेल की! घरात राहायला लागलं की पाणी कधी चढतं ते कळतंच.

आपल्या भाषांना वेळ वाकवायला शिकवावं लागत नाही, हे मी बडोद्यात राहून रोज ऐकते. गुजरातीत ‘काल’ मागचाही आणि पुढचाही, ‘गई’ किंवा ‘आवती’ जोडून दिशा द्यायची. बंगालीत, हिंदीत तेच. (हिंदीच्या ‘कल’चं उदाहरण इंग्रजीत लिहिणाऱ्यांनी वापरून वापरून गुळगुळीत केलं आहे.) मराठीने काल आणि उद्या वेगळे केले, पण ‘परवा’ तसाच मोकळा ठेवला. ‘परवाची गाडी’ म्हटलं तर ती गेलेली की यायची? क्रियापद येईपर्यंत कळत नाही, आणि क्रियापद वाक्याच्या शेवटी येतं. योझेफच्या गाडीला याहून चांगलं नाव नाही. स्वयंपाकघरातून कोणी ‘आले!’ म्हणतं तेव्हा ती अजून आलेली नसते. जाणारा माणूस दारात ‘येतो’ म्हणतो. इतकी सैल बांधणी आपल्या हाताशी असताना आपण छापील मराठीत मात्र तारखेचा शिक्का मारल्यासारखी वाक्यं लिहितो, आणि कोणी तसं लिहिलं नाही तर दुरुस्त करतो.

म्हणून संपादकांना, परीक्षण लिहिणाऱ्यांना आणि अभ्यासक्रम ठरवणाऱ्यांना माझी विनंती कमी आणि भांडण जास्त आहे. अशी इमारत समोर आली तर आधी तिचा नकाशा काढा. कोणत्या दाराने वेळ आत येते, कुठे तुंबते, कोणाच्या अंगावरून जाते ते लिहा. अर्थ नंतर सांगा, सांगायचाच असेल तर. आणि भाषांतरकाराने काळ वाकडा ठेवला असेल तर तो सरळ करण्यापूर्वी मूळ भिंत वाकडी होती का, एवढं तरी विचारा.

परवा प्रुफं आली. ‘आहेत’चे सगळे ‘होते’ झाले होते, एकूण एकवीस ठिकाणी. मी ते पुन्हा ‘आहेत’ केले, ‘उठला’चा ‘उठे’ केला, आणि समासात लिहिलं: ‘शंका असल्यास डॉ. गोटार्ड यांना विचारावे. ते झोपले असतील तर थांबावे.’ अजून उत्तर नाही. अंक परवा निघायचा आहे.